म्हणी आणि त्यांचे अर्थ (नागपूरकडच्या बोलण्यातून)

म्हण म्हणजे लोकांच्या तोंडी बसलेलं, एका दमात बोलून होणारं अनुभवाचं वाक्य. वाक्प्रचार वेगळा. 'नाकी नऊ येणे' वाक्यात बसवावं लागतं, माझ्या नाकी नऊ आले, तुमच्या आले. म्हण मात्र आहे तशीच्या तशी येते.

अर्थ लावायचा तर आधी म्हणीतली वस्तू ओळखली पाहिजे, बाकी सगळं त्याच्यानंतर. 'बैल गेला अन् झोपा केला' हेच घ्या, शहरातल्या पोरांना वाटते बैल गेला तरी मालक झोपूनच राहिला, पण झोपा म्हणजे काट्याकाड्यांचं दार, म्हणजे बैल निघून गेल्यावर दार बसवलं, नुकसान झाल्यावर बंदोबस्त. 'काखेत कळसा' मधला कळसासुद्धा देवळावरचा नाही, पाण्याचं भांडं आहे.

'पळसाला पानं तीनच' ही तर आपल्या भागाला अगदी डोळ्यासमोरची म्हण. लहानपणी मी शाळा बदलून द्या म्हणून रडून राहिलो होतो, तेव्हा आजीनं पळसाची डहाळी तोडून हातात दिली अन् म्हणाली, "मोज बाबू." प्रत्येक देठाला तीन, मधलं जरा मोठं. खरं पाहिलं तर ते एकच पान असते, तीन पर्णिकांचं, पण अर्थाला त्यानं फरक पडत नाही: कुठंही जा, परिस्थिती सारखीच. लोक ही म्हण हार मानायला वापरतात, पण आजीनं ती समजूत काढायला वापरली होती, म्हणून म्हण कोण कोणाला कधी म्हणते हेही अर्थामध्येच मोजावं लागते. रामटेककडे जाताना फाल्गुनात पळस केशरी फुलांनी पेटतो, तेव्हा झाडावर तीन काय, एकही पान दिसत नाही!

शेतीच्या म्हणी पंचांगावर चालतात. 'पोळा अन् पाऊस झाला भोळा', म्हणजे श्रावण अमावास्येचा पोळा झाला की पावसाचा जोर उतरतो. सप्टेंबरात कधी कधी तो चांगलाच झोडपतो, त्यामुळे हा अंदाज समजायचा, नियम नाही. पोळ्याच्या आदल्या दिवशी बैलाच्या खांद्याला हळद-तूप लावून शेकतात अन् त्याला म्हणतात, "आज आवतण घ्या, उद्या जेवायला या." ही म्हण नाही, बैलाला दिलेलं खरंखुरं आमंत्रण आहे.

'वावर है तो पावर है' ही नवी, हिंदी मिसळलेली. वावर म्हणजे शेत, आणि हा एक शब्द माहीत नसेल तर बाहेरच्या माणसाला पुढचं काहीच लागत नाही.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नागपुरात मारबतीची, म्हणजे बाईच्या रूपातल्या मोठ्या पुतळ्याची, मिरवणूक निघते, काळी मारबत 1881 पासून, पिवळी 1885 पासून. रस्ताभर एकच आरोळी असते, "इडा पिडा घेऊन जा गे मारबत!" पिडा म्हणजे त्रास, आणि तो कोणता ते दरवर्षी लोकच ठरवतात, रोगराई, महागाई, भ्रष्टाचार, जे त्या साली अंगावर आलं असेल ते बडग्याच्या, म्हणजे सोबतच्या पुरुषाच्या, पुतळ्यावर लिहून शहराबाहेर नेऊन जाळतात.