गेमशेअरिंग: एकाच्या अकाउंटवरचे डिजिटल गेम दुसऱ्याच्या कन्सोलवर

गेमशेअरिंग म्हणजे एकाने विकत घेतलेला डिजिटल गेम दुसऱ्याने आपल्या घरी, आपल्या कन्सोलवर (म्हणजे गेम खेळायच्या मशीनवर), आपल्याच प्रोफाइलवरून खेळणं, आणि त्यासाठी परत पैसे न देणं. प्लेस्टेशन, एक्सबॉक्स आणि निन्टेन्डो स्विच या तिन्हींवर हे कुठल्या ना कुठल्या रूपात जमतं. बऱ्याच जणांना वाटतं की ही पायरसी आहे, तसं नाहीये, गेम खरा, घेतलेला खरा, आणि सगळं चालतं ते कंपनीनेच दिलेल्या सेटिंगवर, फक्त ती सेटिंग एका घरातल्या माणसांसाठी ठेवलेली असते आणि लोकांनी घर या शब्दात मित्र, मावसभाऊ, होस्टेलचा रूममेट असे सगळे बसवून घेतलेत.

आपल्याकडे नव्वदच्या दशकात टीव्हीला जोडायचे व्हिडिओ गेम होते, त्यांच्या कॅसेट गल्लीभर फिरायच्या, आज तुझ्याकडे उद्या माझ्याकडे, आणि ज्याच्या हातात कॅसेट तो खेळणार इतका साधा हिशोब होता. डिस्कचंही तेच. डिजिटल गेममध्ये हातात द्यायला काही नसतंच, गेमची फाइल कोणीही डाउनलोड करेल पण ती उघडायला लागतं ते लायसन्स, म्हणजे खेळायचा परवाना, आणि ते अकाउंटला चिकटलेलं असतं. त्यात आता कन्सोलच डिस्कशिवाय येतात. २०२०च्या नोव्हेंबरमध्ये आलेल्या एक्सबॉक्स सिरीज एसला ड्राइव्हच नाही (भारतात तेव्हा किंमत ३४,९९० रुपये), प्लेस्टेशन ५ची डिजिटल एडिशनही तशीच, तेव्हा ३९,९९०ची, आणि नोव्हेंबर २०२४मध्ये आलेल्या पीएस५ प्रोलाही ड्राइव्ह वेगळा घ्यावा लागतो. भारतात पीएस५ची विक्री २ फेब्रुवारी २०२१ला सुरू झाली तेव्हा मोठ्या गेमची किंमत ४,९९९ रुपये होती. दोघांनी कॉन्ट्री काढली की माणशी अडीच हजार. लोक गेमशेअरिंगकडे का वळतात त्याचं उत्तर या आकड्यात आहे.

लायसन्स दोन प्रकारचं असतं

हे एकदा नीट कळलं की बाकी सगळं सोपं आहे, आणि नव्वद टक्के गोंधळ हे न कळल्यामुळेच होतो असं मला वाटतं. डिजिटल गेम घेतला की हक्क दोन रस्त्यांनी मिळतो. पहिला रस्ता अकाउंटचा: तुम्ही जगातल्या कुठल्याही कन्सोलवर आपलं अकाउंट उघडा, तुमचे गेम तिथे चालतील, पण इंटरनेट पाहिजे कारण गेम चालू करताना कन्सोल सर्व्हरला विचारतो की हा माणूस खरा मालक आहे ना. दुसरा रस्ता कन्सोलचा: तुम्ही एक कन्सोल माझा घरचा म्हणून ठरवून टाका, मग त्या कन्सोलवर जो कोणी स्वतःच्या प्रोफाइलने बसेल त्याला तुमचे गेम चालतात, तुम्ही तिथे असा नसा, इंटरनेट असो नसो. पीएस४वर याला प्रायमरी म्हणतात, एक्सबॉक्सवर होम एक्सबॉक्स, पीएस५वर कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले असं लांबलचक नाव आहे. आपल्याकडे सगळे सरसकट प्रायमरीच म्हणतात.

आता युक्ती अशी की तुमचा घरचा कन्सोल हा तुमच्या घरातच असला पाहिजे असं मशीनला काही कळत नाही. समजा दोघं मित्र आहेत, एक नाशिकला एक कोल्हापूरला. नाशिकवाल्याने आपलं अकाउंट कोल्हापूरच्या कन्सोलवर टाकून तो कन्सोल प्रायमरी केला, आणि कोल्हापूरवाल्याने आपलं नाशिकच्या कन्सोलवर. मग नाशिकवाल्याने गेम घेतला की कोल्हापूरवाला तो कन्सोलच्या हक्काने खेळतो आणि नाशिकवाला स्वतः अकाउंटच्या हक्काने. एका गेमवर दोघं, एकाच वेळी, एकमेकांविरुद्ध मॅचसुद्धा. सेव्ह (खेळ कुठवर आला त्याची नोंद) वेगळे, ट्रॉफी (गेममध्ये मिळणारी बक्षिसं) वेगळ्या, कारण दोघं आपापल्या प्रोफाइलवरच असतात. प्लेस्टेशन प्लस किंवा एक्सबॉक्सचा गेम पास, म्हणजे पैसे भरून घ्यायची मेंबरशिप, एकाकडे असेल तर त्याचे गेम आणि ऑनलाइन खेळायची सोय प्रायमरी कन्सोलवरच्या दुसऱ्या माणसालाही मिळते, त्यामुळे कित्येक जोड्या एक वर्ष तू भर एक वर्ष मी भरतो असं ठरवून चालतात.

याची किंमत मोजावी लागते ती नेट गेल्यावर. तुमचा स्वतःचा कन्सोल आता तुमचा प्रायमरी नाही, म्हणजे तुम्ही घेतलेला गेम तुमच्याच घरात नेटशिवाय उघडत नाही, गंमत म्हणजे मित्राने घेतलेले गेम मात्र चालतात कारण त्याचा प्रायमरी तुमच्याकडे आहे. पावसाळ्यात आमच्याकडची नेटची लाइन दोन दिवस बंद होती तेव्हा हे मी अनुभवलंय, महिनाभर पैसे साठवून घेतलेला गेम समोर दिसतोय आणि त्यावर कुलूप, आणि त्या दोन दिवसात भावाचा जुना फुटबॉलचा गेम खेळत बसलो. कधीकधी नेट असूनही कुलूप दिसतं, तेव्हा सेटिंगमध्ये रिस्टोअर लायसन्सेस नावाचा पर्याय असतो तो दाबायचा, बहुतेक वेळा तेवढ्यानेच सुटतं. ज्यांच्याकडे नेट वारंवार जातं त्यांनी अदलाबदलीच्या भानगडीत पडूच नये, आपला कन्सोल आपलाच प्रायमरी ठेवावा.

पीएस४ आणि पीएस५चा हिशोब वेगवेगळा धरला जातो. म्हणजे एकाच अकाउंटला एक पीएस४ प्रायमरी करता येतो आणि शिवाय एका पीएस५वर कन्सोल शेअरिंग चालू ठेवता येतं. ज्या घरात जुना पीएस४ धाकट्याकडे आणि नवा पीएस५ थोरल्याकडे गेलाय तिथे याचा चांगला उपयोग होतो, कोणाचंच अकाउंट कोणाकडे द्यावं लागत नाही.

पाच कन्सोलपासून एकापर्यंत

पीएस३च्या काळात प्लेस्टेशनवाली सोनी भलतीच उदार होती, एक डिजिटल खरेदी ५ कन्सोलवर चालायची. साहजिकच लोकांनी पाच-पाच जणांचे गट केले, एकाने गेम घ्यायचा आणि पाचही जणांनी वर्गणी द्यायची. १८ नोव्हेंबर २०११ पासून नव्या खरेदीसाठी ही मर्यादा २ कन्सोलवर आली, आधी घेतलेल्यांना जुना नियम राहिला. पीएस४ आला तेव्हा एक प्रायमरी एवढंच उरलं.

पण खरं रामायण झालं ते २०१३ साली एक्सबॉक्स वनवरून. मायक्रोसॉफ्टने मे महिन्यात कन्सोल जाहीर केला आणि पुढे जूनमध्ये नियम सांगितले: कन्सोलला दर २४ तासांतून एकदा इंटरनेटवर हजेरी लावावी लागेल, दुसऱ्याच्या कन्सोलवर खेळत असाल तर दर तासाला, डिस्क घेतली तरी गेम अकाउंटला जोडला जाईल, आणि डिस्कवरचा गेम मित्राला द्यायचा तर तो निदान ३० दिवस तुमच्या फ्रेंड लिस्टमध्ये असला पाहिजे आणि तोही एकदाच देता येईल. याच नियमांत एक चांगली गोष्टही होती, घरातल्या १० जणांना तुमची सगळी गेम लायब्ररी कुठूनही वापरता येणार होती, पण बाकीच्या अटींवर लोक इतके भडकले की तिकडे कोणाचं लक्षच गेलं नाही. १० जूनला लॉस एंजेलिसच्या ई३ या गेमच्या मोठ्या प्रदर्शनात सोनीने स्टेजवरून सांगितलं की पीएस४वर वापरलेल्या डिस्कना काही आडकाठी नाही, आणि जोडीला एक वीसेक सेकंदांचा व्हिडिओ टाकला, गेम शेअर कसा करायचा, त्यात सोनीचे अधिकारी शुहेई योशिदा आपला सहकारी अ‍ॅडम बॉइसच्या हातात डिस्क देतात आणि तो थँक्स म्हणतो, संपलं. १९ जूनला एक्सबॉक्सचे तेव्हाचे प्रमुख डॉन मॅट्रिक यांनी सगळे नियम मागे घेतले, आणि त्या ओघात १० जणांची ती फॅमिली शेअरिंगही गेली. माझ्या मते तेव्हा एक गोष्ट फेकताना दुसरी चांगली गोष्ट पण फेकली गेली, कारण डिजिटल गेम घरातल्यांना द्यायची सरळ, चोरीछुपे न करायची व्यवस्था तेव्हाच उभी राहिली असती. पुढे २०२२मध्ये मायक्रोसॉफ्टने आयर्लंड आणि कोलंबियात ५ जणांसाठी गेम पासचा फ्रेंड्स अँड फॅमिली प्लॅन चाचणीसाठी आणला होता, आपल्याकडे तो आलाच नाही.

निन्टेन्डोचं आभासी कार्ड

निन्टेन्डोने स्विच भारतात अधिकृतपणे विकायला आणला नाही, पण परदेशातल्या नातेवाइकांकडून आणलेले स्विच पुण्या-मुंबईत बरेच दिसतात, म्हणून हे सांगायला हवं. सुरुवातीला तिथेही प्रायमरी कन्सोलच होता. एप्रिल २०२५च्या शेवटी, स्विच २ यायच्या महिनाभर आधी, त्यांनी व्हर्च्युअल गेम कार्ड आणलं. डिजिटल गेम आता स्क्रीनवर कार्डासारखा दिसतो, तो एका कन्सोलमधून काढून दुसऱ्यात घालता येतो, एका अकाउंटला दोन कन्सोल जोडता येतात. आणि फॅमिली ग्रुपमधल्या माणसाला १४ दिवसांसाठी उसना देता येतो. तेवढे दिवस मालकाला तो खेळता येत नाही, मुदत संपली की कार्ड आपोआप परत येतं, घेणाऱ्याचा सेव्ह त्याच्याकडे राहतो, एका जणाला एका वेळी एकच कार्ड. देताना दोन्ही कन्सोल शेजारी शेजारी असावे लागतात, म्हणजे अमेरिकेतल्या काकाच्या मुलाला इथून कार्ड देता येत नाही, सुट्टीत आल्यावरच. ही पद्धत प्रायमरीपेक्षा कंजूष आहे हे खरं, एकाच वेळी दोघं खेळण्याची सोय यात नाही, पण मला ती जास्त प्रामाणिक वाटते, कॅसेट द्यायचो तसंच आहे ना हे, दिली की आपल्याकडे नाही, आणि पासवर्ड कोणालाच सांगावा लागत नाही.

काय शेअर होत नाही

गेममधलं चलन, म्हणजे कॉइन्स, पॉइंट्स वगैरे, ज्याने घेतलं त्याच्याच अकाउंटवर राहतं. काही अ‍ॅड-ऑनचंही (म्हणजे मूळ गेमला जोडायला वेगळी विकत घेतलेली भर) तसंच असतं. शिवाय अ‍ॅड-ऑन आणि मूळ गेम प्लेस्टेशनवर एकाच रीजनच्या, म्हणजे कंपनीने पाडलेल्या देशांच्या गटाच्या, स्टोअरचे लागतात, त्यामुळे एक भाऊ इकडे आणि एक अमेरिकेत असला तर गेम शेअर होतो पण इकडच्या अकाउंटवर घेतलेलं अ‍ॅड-ऑन तिकडच्या अकाउंटवर घेतलेल्या गेमला लागत नाही. बिघाड नसतो तो, पण लोक तासन्तास गेम डिलीट करून परत टाकत बसतात.

अकाउंट देणं म्हणजे काय देणं

प्रायमरी करायला एकदा तरी समोरच्याच्या कन्सोलवर तुमचं अकाउंट उघडावं लागतं. त्या अकाउंटमध्ये तुमचं बँकेचं कार्ड, वॉलेटमधले पैसे, वर्षानुवर्षांचे गेम. म्हणून पासवर्ड पाठवण्यापेक्षा स्वतः जाऊन टाकावा, टू-स्टेप व्हेरिफिकेशन चालू ठेवावं, आणि खरेदीच्या वेळी पासवर्ड विचारण्याची सेटिंग चालू करावी, हे तीन केलं तरी पुष्कळ सुरक्षित. समोरच्याने तुमच्या अकाउंटवरून चीटिंग केली तर बंदी तुमच्या अकाउंटवर येते.

आणि यातूनच एक बाजार उभा राहिलाय त्याबद्दल स्पष्ट बोललं पाहिजे. इन्स्टाग्रामवर, टेलिग्रामवर प्रायमरी आणि सेकंडरी असे स्लॉट विकले जातात, एक अकाउंट, त्यात एक गेम, प्रायमरी स्लॉट महाग कारण तो नेटशिवाय चालतो आणि स्वतःच्या प्रोफाइलवर खेळता येतो, सेकंडरी स्वस्त कारण त्यांच्याच अकाउंटवर खेळावं लागतं आणि नेट लागतं. अकाउंट विकणं, भाड्याने देणं कंपन्यांच्या नियमांत बसत नाही. विकणाऱ्याने पासवर्ड बदलला, किंवा तोच प्रायमरी आणखी एकाला विकला, की तुमच्या गेमवर कुलूप आणि तक्रार करायला जागा नाही, कारण कागदोपत्री गेम तुमचा कधीच नव्हता. कॉलेजच्या मुलांनी साठवलेले हजार-पंधराशे असे जाताना बघून खरंच वाईट वाटतं.

तसा कागदोपत्री तो मूळ घेणाऱ्याचाही पूर्ण नसतो. युरोपियन युनियनच्या न्यायालयाने ३ जुलै २०१२ला ओरॅकल या सॉफ्टवेअर कंपनीच्या खटल्यात डाउनलोड केलेल्या सॉफ्टवेअरचं लायसन्स पुढे विकता येतं असं म्हटलं होतं. त्याच धर्तीवर पॅरिसच्या कोर्टाने २०१९मध्ये स्टीम या पीसी गेमच्या ऑनलाइन दुकानातून घेतलेले गेम पुन्हा विकता आले पाहिजेत असा निकाल दिला, पण २०२२मध्ये अपिलात तो उलटला. कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५ पासून डिजिटल गेम विकणाऱ्या दुकानदाराला सांगावं लागतं की तुम्ही वस्तू घेत नाही, लायसन्स घेताय. त्याआधीच ३१ मार्च २०२४ला युबिसॉफ्ट या गेम कंपनीने द क्रू या गेमचे सर्व्हर बंद केले होते आणि पैसे मोजलेल्यांकडेही काही उरलं नव्हतं.

अकाउंट न देता खेळायचे मार्ग

पीएस४वर ऑक्टोबर २०१४च्या अपडेटमध्ये शेअर प्ले आलं, मित्राला ६० मिनिटं तुमच्या गेममध्ये बोलावता येतं, त्याच्याकडे गेम नसला तरी, पुन्हा बोलावलं की पुन्हा तास सुरू. नेट चांगलं लागतं. योझेफ फारेस यांच्या हेझलाइट स्टुडिओच्या इट टेक्स टू (२०२१) आणि स्प्लिट फिक्शन (२०२५) या गेममध्ये फ्रेंड्स पास असतो, एकाने घेतला की दुसरा फुकट डाउनलोड करून बरोबर खेळतो. स्विच २वर गेमशेअर नावाची सोय आहे, एकाच्या गेममध्ये जवळचे इतर कन्सोल सामील होतात, जुना स्विचसुद्धा. घरच्या कन्सोलबाहेर स्टीमवर सप्टेंबर २०२४पासून ६ जणांची फॅमिली करता येते, आणि त्यात एक जण बाहेर पडला तर त्याची जागा वर्षभर रिकामी राहते.

वाटणी मोडायची झाली तर

एक्सबॉक्सवर होम कन्सोल वर्षातून ५ वेळा बदलता येतो. पीएस४चा प्रायमरी त्याच कन्सोलवरून कधीही काढता येतो, पण कन्सोल हातात नसेल, म्हणजे मित्राशी बोलणंच बंद झालंय किंवा त्याने तो विकून टाकलाय, तर वेबसाइटवर अकाउंटमध्ये जाऊन सगळी डिव्हाइसेस एकदम डिअ‍ॅक्टिव्हेट करावी लागतात आणि ते ६ महिन्यांतून एकदाच करता येतं. म्हणून जुना कन्सोल विकताना आधी प्रायमरी काढायचा, मग रिसेट मारायचा, मग गिऱ्हाइकाच्या हातात द्यायचा.