भिंतीवरचं काळं आणि माडाचं हिरवं, दोन्ही एकाच कुळातलं

गोव्यात पाऊस ओसरायला लागला की चिऱ्यांच्या भिंती, कुंपणं, देवळासमोरची दीपमाळ, जुन्या चर्चचा पांढरा दर्शनी भाग, सगळ्यावर काळे ओघळ दिसायला लागतात आणि चवथीच्या आधी घराला रंग काढला असला तरी वर्षा-दोन वर्षांत ते परत डोकावतातच. बहुतेक जण म्हणतात धूळ बसली, नाहीतर बुरशी आली. बुरशी असतेही थोडीफार, पण त्या काळ्या थरात मोठा वाटा असतो सायानोबॅक्टेरियाचा, म्हणजे शाळेच्या पुस्तकात नील-हरित शैवाल म्हणून जे शिकवलं जायचं त्याचा. काळेपणा येतो तो सायटोनेमिन नावाच्या रंगद्रव्यामुळे, हे पेशीच्या बाहेरच्या चिकट आवरणात साठतं आणि उन्हातले अतिनील किरण शोषून घेतं. एप्रिल-मेमध्ये भिंत हात लावू नये इतकी तापते, महिनोन्महिने पाण्याचा थेंब नसतो, तरी हे जीव सुकून तसेच चिकटून राहतात आणि पहिली सर आली की थोड्याच वेळात परत कामाला लागतात.

काम म्हणजे काय, तर प्रकाशसंश्लेषण, आणि तेसुद्धा झाडं करतात अगदी तसंच. आधी हे समजून घेऊया की हे बॅक्टेरिया आहेत. पेशीत केंद्रक नाही, हरितलवक नाही, डीएनए तसाच मोकळा असतो. पेशीच्या आत पातळ पडद्यांचे थर असतात, त्यात क्लोरोफिल असतं, आणि पडद्यांवर फायकोसायनिन या निळ्या आणि काही जातींत फायकोएरिथ्रिन या लाल रंगद्रव्याचे पुंजके बसवलेले असतात. क्लोरोफिल जो हिरवा-नारिंगी उजेड नीट पकडू शकत नाही तो हे पुंजके पकडतात, म्हणून खोल पाण्यात किंवा सावलीतसुद्धा यांचं भागतं. आणि म्हणूनच यांचा रंग निळसर हिरव्यापासून तपकिरी, लाल, काळा कसलाही असू शकतो, रंगावरून ओळखायला गेलं की हमखास फसायला होतं.

प्रकाश वापरणारे बॅक्टेरिया बाकीही आहेत, जांभळे आहेत, हिरवे गंधकवाले आहेत, पण ते हायड्रोजन सल्फाइडसारख्या पदार्थांवर चालतात आणि ऑक्सिजन सोडत नाहीत. पाणी फोडून त्यातले इलेक्ट्रॉन घ्यायचे आणि ऑक्सिजन बाहेर टाकायचा, ही युक्ती पृथ्वीवर एकदाच घडली आणि ती यांच्या पूर्वजांत घडली. पाणी सगळीकडे, ऊन सगळीकडे, मग काय अडलंय. साधारण 240 कोटी वर्षांपूर्वी हवेत ऑक्सिजन साठायला लागला तो यांच्यामुळे. त्याआधी समुद्राच्या पाण्यात विरघळलेलं लोखंड भरपूर होतं, ते गंजून तळाशी बसत गेलं आणि त्याचे पट्टेदार खडक झाले. डिचोली, सत्तरी, सांगे भागातल्या खाणींचं लोखंड असल्याच जुन्या पट्टेदार खडकांतून आलेलं आहे. आता यातलं नेमकं किती लोखंड सायानोबॅक्टेरियाच्या ऑक्सिजनने गंजलं आणि किती दुसऱ्या बॅक्टेरियांनी ऑक्सिजनशिवायच गंजवलं यावर शास्त्रज्ञांचे वाद चालू आहेत, आणि खडक जितके जुने तितका हा वाद अवघड होत जातो.

वर्गीकरणाचा इतिहास मला सगळ्यात जास्त आवडतो, कारण तिथे दिसण्याने माणसाला किती वर्षं चकवलं ते कळतं. हिरवं आहे, पाण्यात वाढतं, ऑक्सिजन देतं, मग ती वनस्पतीच, असं समजून वनस्पतिशास्त्रज्ञांनी यांना शैवालात घातलं आणि आकारावरून जाती पाडल्या. पेशी सुटी आहे की तंतू आहे, तंतूला फांदी आहे का, आवरण जाड की पातळ, असं सगळं. हे काम कमी लेखू नये. मद्रासच्या टी. व्ही. देशिकाचारींनी 1959 साली आपल्याकडच्या या जीवांवर जो जाडजूड ग्रंथ काढला त्यातली चित्रं आणि वर्णनं घेऊन आजही लोक मायक्रोस्कोपखालचा नमुना जुळवून बघतात. पण 1962 मध्ये रॉजर स्टॅनियर आणि सी. बी. व्हॅन नील या सूक्ष्मजीवशास्त्रज्ञांनी स्पष्ट मांडलं की पेशीची रचना बघितली तर हे बॅक्टेरियाच, आणि 1978 मध्ये स्टॅनियर आणि सहकाऱ्यांनी यांची नावंसुद्धा बॅक्टेरियाच्या नियमांनी द्यावीत असा प्रस्ताव ठेवला. वनस्पतिशास्त्रवाल्यांनी सोडलं नाही, बॅक्टेरियावाल्यांनी पण सोडलं नाही, त्यामुळे आजसुद्धा नावं द्यायला दोन नियमावल्या चालतात.

1979 साली रोझमारी रिप्का आणि सहकाऱ्यांनी प्रयोगशाळेत वाढवलेल्या जाती घेऊन पाच गट केले. एकेकट्या पेशी ज्या साध्या दुभंगून वाढतात, एकेकट्या पेशी ज्या एकदम फुटून खूप पिल्लं देतात, साधे तंतू, हवेतला नायट्रोजन पकडायला खास पेशी असलेले तंतू, आणि तशाच खास पेशी असून वर खऱ्या फांद्या फुटणारे तंतू. सुटसुटीत आहे, कॉलेजात अजून हेच शिकवतात. मग जनुकं वाचायला लागले आणि घोटाळा बाहेर पडला. खास पेशीवाले सगळे खरंच एका पूर्वजाचे निघाले, तेवढं बरोबर ठरलं, पण एकपेशीय आणि साधे तंतू हे वंशवृक्षात इकडे तिकडे विखुरलेले सापडले, म्हणजे दोन तंतू हुबेहूब सारखे दिसतात आणि एकमेकांचे लांबचेच नातेवाईक असतात. उलट ग्लिओबॅक्टर नावाचा एक जीव, 1974 मध्ये स्वित्झर्लंडच्या चुनखडकावरून मिळवलेला म्हणून नोंदवला गेला, त्याच्यात आतले पडदेच नाहीत, सगळी प्रकाशाची यंत्रणा बाहेरच्या पटलातच आहे, आणि वंशवृक्षात तो अगदी बुडाजवळ फुटलेल्या फांदीवर बसतो.

पण सगळ्यात मोठा धक्का वेगळाच. हिरव्या पानातलं हरितलवक हे कधीकाळी गिळलेलं, पण न पचलेलं सायानोबॅक्टेरियम असावं अशी कल्पना रशियाच्या मेरेझकोव्स्कीने 1905 मध्येच मांडली होती, लोकांनी ती बाजूला टाकली, 1967 मध्ये लिन मार्गुलिसने ती जोरात परत आणली, आणि 1975 मध्ये लिंडा बोनेन आणि फोर्ड डूलिटल यांनी एका लाल शैवालाच्या हरितलवकातला आरएनए तपासला तर तो शैवालाच्या स्वतःच्या पेशीपेक्षा बॅक्टेरियाच्या आरएनएशी जुळणारा निघाला. म्हणजे वंश बघून वर्गवारी करायची असेल तर माडाच्या झावळीतलं, भाताच्या पातीतलं, अळूच्या पानातलं प्रत्येक हरितलवक याच कुळातलं धरायला लागतं. आणि ही गोष्ट जुनी होऊन संपली असंही नाही. 2024 मध्ये एका समुद्री शैवालात नायट्रोजन पकडणारं सायानोबॅक्टेरियम आता इतकं आत मुरलंय की ते पेशीचा अवयवच झालंय असं दाखवलं गेलं, त्याला नायट्रोप्लास्ट म्हणतात.

नायट्रोजनवरून शेताकडे येऊ. हवेतला नायट्रोजन खतात बदलणारं एन्झाइम ऑक्सिजन लागला की बिघडतं आणि हे जीव तर स्वतःच ऑक्सिजन बनवतात, मग करायचं काय? ॲनाबिना, नॉस्टॉक यांच्या तंतूत साधारण दर दहा ते वीस पेशींमागे एक पेशी जाड भिंतीची होते, ऑक्सिजन बनवायचं थांबवते आणि फक्त नायट्रोजन पकडते, शेजारच्या पेशी तिला साखर देतात आणि ती त्यांना नायट्रोजन देते. त्या पेशीला हेटेरोसिस्ट म्हणतात आणि ती पुन्हा कधी दुभंगत नाही. पाण्याने भरलेल्या भाताच्या शेतात नायट्रोजन कुठून येतो हे 1939 मध्ये पी. के. डे यांनी दाखवलं, तो याच जीवांमुळे. अझोला नावाचं छोटं तरंगतं नेचं शेतात सोडतात त्याच्या पानातल्या पोकळीत पण हेच राहतात. खारं पाणी सोसणारा कोरगुट भात पिकवणाऱ्या आपल्या खाजनांत, म्हणजे खाडीकाठच्या बांध घातलेल्या शेतांत, ओल्या चिखलावर जो निळसर हिरवा पापुद्रा येतो त्यातही हे असतात, मिठागराच्या तळाच्या चिवट थरातसुद्धा, आणि मला वाटतं रासायनिक खताची गोणी आणण्याआधी शेतकऱ्याने या फुकटच्या मदतीकडे एकदा तरी नीट बघावं.

समुद्रातही हे आहेत. साधारण फेब्रुवारी ते मे, वारा पडलेला आणि पाणी तापलेलं असताना अरबी समुद्रात ट्रायकोडेस्मियम वर येतो, लाकडाचा भुसा सांडावा तसे पिवळट तपकिरी पट्टे दिसतात, कॅप्टन कुकच्या खलाशांनीही 1770 मध्ये त्याला समुद्री भुसाच म्हटलं होतं. याला हेटेरोसिस्ट नसतात तरी तो भर दिवसा नायट्रोजन पकडतो, आणि दोनापावलाच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेने आपल्या किनाऱ्याजवळच्या अशा बहरांवर बराच अभ्यास केलाय. रात्री किनाऱ्यावर लाटा निळ्या चमकतात ते मात्र हे नव्हे, तो नॉक्टिल्युका, बॅक्टेरिया नसलेला वेगळाच जीव. दोन्हीत गल्लत करून फोटो फिरवले जातात ते थांबलं पाहिजे.

आणि दिसण्यावर विसंबणं कुठे धोक्याचं ठरतं तर गोड्या पाण्यात. मायक्रोसिस्टिस हा यांच्यातलाच, तळ्यांवर हिरव्या रंगाच्या साईसारखा जमतो, पेशीत वायूच्या बारीक कुप्या असतात म्हणून तरंगतो, सांडपाणी आणि खतं पाण्यात आली की जोरात वाढतो. याच्या काही वाणांत मायक्रोसिस्टिन हे यकृतावर घाव घालणारं विष बनवणारी जनुकं असतात, काहींत नसतात, आणि मायक्रोस्कोपखाली दोन्ही सारखेच दिसतात. 1996 मध्ये ब्राझीलच्या कारुआरू शहरात असं पाणी डायलिसिसला वापरलं गेलं आणि पन्नासहून जास्त रुग्ण दगावले. कायम पिण्याच्या पाण्यात मायक्रोसिस्टिन लिटरला 1 मायक्रोग्रॅमपेक्षा जास्त नसावं अशी जागतिक आरोग्य संघटनेची मर्यादा आहे, आणि ते आहे का नाही हे तपासणीशिवाय कळत नाही. तोवर असल्या साय आलेल्या तळ्यावर गुरं पाजायला नेऊ नका, पोरांना पोहायला सोडू नका, आणि ते पाणी उकळून प्यायचा विचार तर अजिबात करू नका, कारण उकळल्याने पेशी फुटतात आणि विष पाण्यात उतरतं, नाहीसं होत नाही.