निवृत्तीनंतरची विभागीय चौकशी

सरकारी किंवा निमसरकारी सेवक नियत वयोमानानुसार निवृत्त झाल्यावर, त्याच्या सेवाकाळातील गैरवर्तणुकीबद्दल पुढे चालू राहणारी किंवा नव्याने सुरू होणारी कार्यवाही. निवृत्तीबरोबर मालक-नोकर हे नाते संपते. त्यामुळे नियमात स्पष्ट तरतूद असेल तरच चौकशी पुढे चालते, नाहीतर ती तिथेच गळून पडते. भागीरथी जेना प्रकरणात (१९९९) सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले.

महाराष्ट्र शासनाच्या सेवकांसाठी ही तरतूद महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधील नियम २७ मध्ये आहे. सेवेत असतानाच सुरू झालेली चौकशी सेवक जणू नोकरीतच आहे असे समजून त्याच पद्धतीने पूर्ण केली जाते. सेवेत असताना सुरू न झालेल्या चौकशीला मात्र शासनाची मंजुरी लागते, आणि चार वर्षांपेक्षा जुन्या घटनेबद्दल ती करताच येत नाही.

घोळ होतो तो तारखांचा. चौकशी सुरू झाल्याची तारीख म्हणजे प्राथमिक चौकशीची, कारणे दाखवा नोटिशीची किंवा मंजुरीची तारीख नव्हे. दोषारोपपत्र दिले ती तारीख धरायची. सेवक त्याआधीच निलंबित असेल तर निलंबनाची. समजा, मंगळवेढा तालुक्यातील एक तलाठी ३१ मे २०२२ रोजी निवृत्त झाला. आक्षेप ऑगस्ट २०१९ मधल्या फेरफार नोंदीवर आहे. मंजुरी जून २०२३ मध्ये आली, पण जोडपत्र १ ते ४ सह दोषारोपांचे ज्ञापन, म्हणजेच दोषारोपपत्र, सप्टेंबर २०२३ मध्ये निघाले. ही चौकशी मुदतबाह्य ठरते. चार वर्षे निवृत्तीपासून पुढे मोजायची, हा कार्यालयांतून ऐकू येणारा समज चुकीचा आहे. ती ज्ञापनाच्या तारखेपासून मागे मोजायची असतात. पूर्वी शाळेत नाव घालताना सर्रास १ जून ही जन्मतारीख लावली जाई. महिन्याच्या एक तारखेला जन्मलेला सेवक आदल्या महिन्याच्या अखेरीस निवृत्त होतो, म्हणून ३१ मे रोजी निरोपसमारंभांची रांग लागते. प्रलंबित प्रकरणांतली ज्ञापने त्याआधी निघाली की नाही, यावर पुढचे सगळे अवलंबून असते.

निवृत्ताला नियम २७ खाली बडतर्फ करता येत नाही. गंभीर गैरवर्तणूक किंवा निष्काळजीपणा सिद्ध झाला तर निवृत्तिवेतन पूर्ण वा अंशतः, कायमचे वा ठरावीक काळासाठी रोखता येते आणि शासनाचे आर्थिक नुकसान त्यातून वसूल करता येते. किरकोळ चुकीला हा नियम नाही. चौकशी संपेपर्यंत नियम १३० प्रमाणे तात्पुरते निवृत्तिवेतन मिळते, पण उपदान (ग्रॅच्युइटी) अंतिम आदेशापर्यंत अडकते आणि अंशराशीकरणही, म्हणजे निवृत्तिवेतनाचा काही भाग एकरकमी घेणे, करता येत नाही. मुलीचे लग्न, घराचे कर्ज अशा कामांसाठी धरून ठेवलेली रक्कम हीच असते. म्हणूनच रेंगाळणारी चौकशी ही निकालाआधीची शिक्षा ठरते, आणि ती निर्दोष माणसालाही भोगावी लागते. चौकशी शक्यतो सहा महिन्यांत व फार तर वर्षात संपवावी, असे सर्वोच्च न्यायालयाने प्रेमनाथ बाली प्रकरणात (२०१५) बजावले आहे. नियमाच्या आधाराविना निवृत्तिवेतन रोखणे म्हणजे घटनेच्या अनुच्छेद ३००-अ खालील मालमत्ता हिरावणे, असा जितेंद्रकुमार श्रीवास्तव प्रकरणाचा (२०१३) निर्णय आहे.

सोलापुरात एकाच गल्लीतल्या दोन निवृत्तांना वेगवेगळे नियम लागू असू शकतात. मध्य रेल्वेच्या सोलापूर विभागातील सेवकांना १९९३ चे रेल्वे निवृत्तिवेतन नियम लागतात. त्यांतही चार वर्षांची मर्यादा आहे, मात्र निवृत्तिवेतन रोखण्याचा अधिकार राष्ट्रपतींच्या नावे वापरला जातो. सार्वजनिक कंपन्या आणि बँकांत ज्याचे त्याचे सेवानियम पाहावे लागतात. महानदी कोलफील्ड्स प्रकरणात (२०२०) कंपनीच्या नियमांत सोय असल्याने निवृत्तीनंतरही बडतर्फी वैध ठरली. उलट स्टेट बँकेच्या एका प्रकरणात (२०२४) दोषारोपपत्र सेवा संपल्यावर दिल्यामुळे कारवाई टिकली नाही.

दाद मागण्याचे ठिकाणही वेगळे असते. सोलापुरातील राज्य शासनाचा निवृत्त सेवक महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या मुंबई पीठाकडे जातो. जिल्हा परिषदेच्या सेवकाला उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचे कोल्हापूरचे सर्किट बेंच (फिरते पीठ) सुरू झाल्यामुळे सोलापूरकरांना त्यासाठी मुंबई गाठावी लागत नाही.