मालक ऑफलाइन असताना: रस्टमधल्या बेसच्या संरक्षणामागचा इतिहास

रस्ट या ऑनलाइन गेममधून तुम्ही बाहेर पडलात तरी तुमचं पात्र बाहेर पडत नाही. ते जिथे होतं तिथेच जमिनीवर झोपून राहतं, अंगावरच्या कपड्यांसकट आणि जवळच्या सामानासकट. सर्व्हर चालूच असतो, बाकीचे खेळाडू फिरत असतात आणि त्यांच्यापैकी कुणीही येऊन त्या झोपलेल्या पात्राला मारू शकतो. म्हणून नवखा खेळाडू सगळ्यात आधी चार भिंती, छप्पर आणि एक दार उभारतो. पुढे त्याचा तीन मजली बेस, म्हणजे घर-किल्ला, होवो की डोंगराएवढा, मूळ गरज तीच राहते: आपण नसताना आपलं सामान टिकलं पाहिजे.

बेसच्या संरक्षणाचा विषय निघाला की गप्पा लगेच डिझाइनवर जातात. दारं किती, भिंतींचे थर किती, टीसी (बांधकामाचा हक्क ठरवणारी पेटी) कुठे ठेवायचा. हे सगळं महत्त्वाचं आहेच. पण ही डिझाइनं अशीच का झाली हे समजून घ्यायचं तर जरा मागे जावं लागतं. माझ्या मते हा सगळा इतिहास एकाच प्रश्नाभोवती फिरतो: मालक झोपलेला असताना घर राखायचं कुणी, त्याने बांधलेल्या भिंतींनी की गेमच्या नियमांनी?

हा प्रश्न रस्टच्या कितीतरी आधीचा आहे. टेक्सासमधल्या ओरिजिन सिस्टम्सचा अल्टिमा ऑनलाइन सप्टेंबर १९९७ मध्ये आला. त्यात खेळाडूला जगात स्वतःचं घर बांधता येई. घराला किल्ली असे आणि ती थैलीत बाळगायची एक वस्तूच होती. त्यामुळे ती चोरता येई किंवा मालकाला मारून त्याच्या प्रेतावरून काढून घेता येई. मग चोर दार उघडून घर साफ करी. भिंती कितीही भक्कम असल्या तरी सगळा भार त्या एका किल्लीवर. पुढे घरातलं सामान जागेवर कुलूपबंद करण्याची सोय आली. मे २००० मध्ये तर जगाचेच दोन भाग झाले: फेलुकामध्ये जुने नियम राहिले, ट्रॅमलमध्ये दुसऱ्या खेळाडूवर त्याच्या संमतीशिवाय हल्ला करता येईना. गर्दी ट्रॅमलकडे वळली. धोक्यासकट जगायचं की नियमाच्या आडोशाला, हा वाद तेव्हापासून सुरू आहे.

आइसलंडच्या सीसीपी कंपनीच्या ईव्ह ऑनलाइनने (२००३) तिसरी वाट काढली आणि ती मला आजही सगळ्यात विचारपूर्वक आखलेली वाटते. त्यातल्या खेळाडूंच्या अवकाशतळाचं कवच ठरावीक पातळीखाली आलं की तळ काही तास अभेद्य होई. किती तास, ते मालकाने तळात स्ट्रॉन्टियम हे गेममधलं इंधन किती भरून ठेवलंय यावर ठरे. मालक आपल्या सोयीच्या वेळेचा हिशेब करून साठा भरायचे, हल्लेखोर त्याच हिशेबाचा अंदाज घेऊन पहिला हल्ला कधी करायचा ते ठरवायचे. तळ पडू शकत होता, फक्त मालकाला खबर लागून माणसं जमवायला वेळ मिळाल्यावर. एप्रिल २०१६ मधल्या सिटाडेल विस्तारात तर आपल्या वास्तूवर कुठल्या तासांत हल्ला होऊ शकेल हे मालकालाच निवडता येऊ लागलं.

माइनक्राफ्टची गोष्ट वेगळी. मूळ गेममध्ये मालकी ही कल्पनाच जवळपास नाही. कुणीही कुणाचीही भिंत फोडू शकतो, त्यामुळे सर्व्हर चालवणाऱ्यांनी आपापले प्लगइन, म्हणजे नियम बदलणारे जोड-प्रोग्राम, बसवले. त्यातल्या फॅक्शन्समध्ये गटाला जमीन राखीव करता येई, पण ती टिकवायला गटाची ताकद लागे आणि सदस्य मेले की ताकद उतरे. राखीव जमिनीवर परक्याला हाताने ठोकळा फोडता येत नसे. टीएनटी हे स्फोटक मात्र बऱ्याच सर्व्हरवर चाले. त्यातून तोफांचं एक अख्खं शास्त्र उभं राहिलं. पाण्यात फुटलेल्या टीएनटीने ठोकळे तुटत नाहीत, म्हणून बचाव करणारे भिंतींवरून पाणी सोडायचे. हल्लेखोरांनी टीएनटीबरोबर वाळू फेकायला सुरुवात केली, कारण वाळूचा ठोकळा पाण्याची जागा घेतो आणि त्यात फुटलेल्या टीएनटीला पाणी अडवत नाही. मग थरांवर थर चढवलेल्या भिंती आल्या. रस्टमध्ये आज जे भिंतींचे थर दिसतात, तोच विचार इथे दिसतो.

डिसेंबर २०१० पासून चालू असलेल्या टूबीटूटी या माइनक्राफ्ट सर्व्हरवर नियमच नाहीत. तिथे भिंतीचा काही उपयोग नाही, कारण वेळ असेल तर कुठलीही भिंत फुटते. उपाय एकच, लपणं. लोक जगाच्या मध्यापासून लाखो ठोकळे दूर जाऊन बांधतात आणि जागेचे आकडे जिवापाड जपतात. हे गुपित फुटलं ते एका दुरुस्तीमुळे. दूरच्या ठोकळ्यावर क्लिक केल्याचा संदेश पाठवून सर्व्हरला नको तेवढं जग लोड करायला लावण्याची एक जुनी खोड होती. २०१८ मध्ये सर्व्हरच्या सॉफ्टवेअरमध्ये ती बंद केली गेली: तो भाग आधीच लोड झालेला असेल तरच सर्व्हर उत्तर देईल. पण जगाचा भाग लोड असतो तो सहसा जवळ कुणीतरी असल्यामुळेच. म्हणजे उत्तर आलं की तिथे माणूस आहे! काही खेळाडूंनी यावर नोकॉम नावाची यंत्रणा उभारली आणि २०२१ पर्यंत लोकांच्या हालचाली नोंदवून त्यांचे बेस शोधून काढले. ज्यांनी वर्षानुवर्षं कुणाला पत्ता सांगितला नव्हता, त्यांचेही.

२०१२ मध्ये आर्मा २ या गेमवर बनलेल्या डेझेड या मॉडमध्येही, म्हणजे मूळ गेमवर चढवलेल्या बदलातही, लपवण्यावरच भिस्त होती. चेर्नारस या त्यातल्या काल्पनिक प्रदेशाच्या जंगलात खेळाडू तंबू ठोकून त्यात बंदुका ठेवत. तंबूला कुलूप नव्हतं. सापडला की गेला.

इंग्लंडमधल्या फेसपंच स्टुडिओचा रस्ट ११ डिसेंबर २०१३ रोजी स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानात पूर्ण होण्याआधीच, म्हणजे अर्ली अ‍ॅक्सेसमध्ये आला तो या पार्श्वभूमीवर. डेझेडमधली माणसांची भीती आणि माइनक्राफ्टमधलं बांधकाम असा त्याचा मेळ होता. त्या पहिल्या रूपाला आता लेगसी म्हणतात. त्यात परक्या माणसाला तुमच्या भिंतीला खेटून बांधकाम करण्यापासून अडवणारं काही नव्हतं. हल्लेखोर शेजारी जिने-मनोरे चढवत थेट वरच्या मजल्यावर पोचत, म्हणून बेसभोवतीची जमीन पायाच्या चौथऱ्यांनी आणि खांबांनी आधीच भरून टाकायची पद्धत पडली. नकाशावर सगळीकडे ते सांगाडे उभे असायचे.

फेसपंचने गेम नव्याने लिहायला घेतला आणि ऑक्टोबर २०१४ मध्ये ही नवी आवृत्ती मुख्य झाली. बांधकामाचा पाया तिथे बदलला. आधी काटक्यांचा सांगाडा लावायचा आणि मग तो लाकूड, दगड, पत्रा किंवा चिलखती धातूपर्यंत चढवायचा. बांधकामाला आधाराचं गणितही आलं. खालचा आधार तोडला की वरचं कोसळतं. पण सगळ्यात महत्त्वाची आली ती टूल कपाट नावाची साधी लाकडी पेटी. खेळाडू तिला टीसीच म्हणतात. तिच्या परिसरात फक्त नोंद असलेले लोकच बांधकाम करू शकतात, त्यामुळे लेगसीतले मनोरे बंद झाले. शिडीला तेवढी सूट राहिली. ती आजही परक्याच्या भिंतीला लावता येते आणि कितीतरी बेस छतावरूनच फुटतात.

टीसी आला तसा त्याचा गैरवापरही आला. एकाच बेसभोवती अनेक कपाटं लावली जायची, म्हणजे हल्लेखोराने एक फोडलं तरी त्याला बांधकामाचा हक्क मिळू नये. आणि सोडून गेलेल्या लोकांचे बेस जागा अडवून राहायचे. नोव्हेंबर २०१७ मध्ये फेसपंचने दोन्ही गोष्टींना एकदम हात घातला. एका इमारतीला एकच टीसी, आणि त्या टीसीत देखभालीचं सामान भरायचं. लाकूड, दगड, धातू, बेस ज्याचा असेल ते. हा साठा रोज थोडा थोडा खर्च होतो, संपला की बेस झिजायला लागतो. शिवाय बेस मोठा झाला की खर्चाचा दरही चढतो. गेम पूर्ण स्वरूपात ८ फेब्रुवारी २०१८ ला बाहेर पडला तेव्हा हीच व्यवस्था होती आणि तिचा गाभा अजून तोच आहे.

या एका बदलाने बेसची रचनाच पालटली. टीसी हा बेसचा जीव ठरला. हल्लेखोर तिथपर्यंत पोचला की तो मालकांची नावं पुसून आपलं नाव लिहितो, स्वतःची दारं लावतो आणि सकाळी मूळ मालक स्वतःच्याच घराबाहेर उभा राहतो. म्हणून टीसी मधोमध, सगळ्यात जाड आवरणात ठेवायची रीत पडली. म्हणूनच मुख्य बेसच्या आसपास छोट्या वेगळ्या इमारतींमध्ये जादा टीसी ठेवतात. मुख्य हातचा गेला तरी हल्लेखोराला आजूबाजूला मोकळं बांधता येऊ नये.

बाकी सगळं स्फोटकांना लागणाऱ्या गंधकाच्या हिशेबावर चालतं. सी-फोर हे स्फोटक एक बनवायला २,२०० गंधक लागतं, एका रॉकेटला १,४००. दगडी भिंतीला दोन सी-फोर, पत्र्याच्या भिंतीला चार, चिलखती भिंतीला आठ. म्हणजे चिलखती भिंत फोडायला १७,६०० गंधक जळतं. साधं पत्र्याचं दार मात्र एका सी-फोरमध्ये जातं. हल्लेखोर भिंतींच्या नादी न लागता दारांची वाट का धरतात ते या आकड्यांत दिसतं, आणि जाणते लोक बाहेरून आतपर्यंत दारांची लांब रांग का लावतात तेही. गॅरेजचं दार दोन सी-फोर खातं, म्हणून ते इतकं लाडकं. बाहेरच्या भिंतींभोवती रिकाम्या खोल्यांचा थर असतो, त्याला हनीकोंब म्हणतात. त्यात लुटण्यासारखं काही नसतं, फक्त गंधक खर्च करायला लावणं हे त्याचं काम. भिंतीला बळकट आणि कच्ची अशा दोन बाजू असतात. दगडी भिंत कच्च्या बाजूने कुदळीनेही फोडता येते, तेव्हा घाईत उलटी लागलेली एक भिंत सगळा हिशेब मोडते.

या डिझाइनांतले बंकर मला विशेष आवडतात. बांधकामाच्या आधाराच्या नियमातल्या फटी हेरून खेळाडूंनी दाराऐवजी भिंतीनेच बंद होणारे गाभारे शोधले. रोज आत-बाहेर करायला ते कटकटीचे, पण रात्री बंद करून गेलं की दाराची स्वस्त वाटच उरत नाही. यातल्या काही फटी फेसपंचने नंतर बुजवल्या, खेळाडूंनी दुसऱ्या शोधल्या. डिझाइनं यूट्यूबवर येतात आणि तेच व्हिडिओ हल्लेखोरही बघतात, त्यामुळे गाजलेल्या बेसचा टीसी नेमका कुठे आहे हे त्यांना बाहेरूनच कळतं.

तरीही प्रश्न सुटत नाही. पुरेसं गंधक आणि वेळ असेल तर रस्टमधला कुठलाही बेस फुटतो, आणि मालक जागेवर नसताना तो कितीतरी सोपा फुटतो. याला ऑफलाइन रेड म्हणतात आणि या गेममधली सगळ्यात कडू भांडणं यावरूनच होतात. ज्याची नोकरी आहे, कॉलेज आहे, त्याच्यावर हा अन्यायच आहे असं मला ठामपणे वाटतं. काही खासगी सर्व्हर मॉड बसवून मालक नसताना बेसला होणारं नुकसान कमी करतात. आर्क या गेममध्ये अशी सोय सर्व्हर चालवणाऱ्याच्या हाती दिलेली आहे. कोनान एक्झाइल्स या गेमच्या अधिकृत लढाऊ सर्व्हरांवर बांधकाम फक्त ठरलेल्या तासांतच फोडता येतं. ईव्हचाच विचार, पण मालकाने निवडायच्या वेळेऐवजी सगळ्यांना एकच वेळ. फेसपंचने मूळ रस्टमध्ये यातलं काही आणलं नाही. महिन्याच्या पहिल्या गुरुवारी सगळ्या सर्व्हरांचा नकाशा पुसला जातो, त्याला वाइप म्हणतात. त्यामुळे नुकसान कायमचं राहत नाही, एवढाच त्यांच्या बाजूचा दिलासा.

त्यांनी दिलं ते पहाऱ्याचं सामान. स्वयंचलित बंदुका होत्याच, डिसेंबर २०१८ मध्ये गेमात वीज आली आणि पुढे त्या बंदुकांनाही वीज लागू लागली. म्हणजे बॅटरी आणि पवनचक्की जपणं हेही संरक्षणाचंच काम झालं. जुलै २०२० मध्ये रस्ट प्लस हे मोबाइल अ‍ॅप आलं. बेसमधला स्मार्ट अलार्म त्याला जोडला की स्फोट जाणवणाऱ्या सेन्सरचा इशारा थेट फोनवर येतो, आणि टीसीतला साठा किती उरलाय तेही घराबाहेरून बघता येतं. रात्री तीनला फोन वाजला तर उठून लॉगिन करायचं की झोपायचं, हे खेळाडूने ठरवायचं. सिंगापूरच्या किंवा युरोपातल्या सर्व्हरवर खेळणाऱ्या आपल्याकडच्या माणसाला हे आणखी जड जातं, कारण तिथल्या लोकांची खेळायची वेळ आपल्या घड्याळाशी जुळत नाही. म्हणून सर्व्हर निवडताना पिंगच्या (सर्व्हरपर्यंत संदेश जाऊन यायला लागणाऱ्या वेळेच्या) आधी तिथे गर्दी किती वाजता होते ते बघावं. गर्दीच्या तासांत तुम्ही जागे असाल तर त्याच भिंती आणि तीच दारं खूप जास्त वेळ टिकतात.