शुभंकर (कर्करोग)

कर्करुग्णाची घरी शुश्रूषा करणारी, बहुधा कुटुंबातील व्यक्ती. प्रस्तुत नोंदीत पुणे शहरातील शुभंकर कोणत्या सामाजिक सेवा वापरतात, याचा विचार केला आहे.

संज्ञेबाबत एकवाक्यता नाही. चरकसंहितेच्या सूत्रस्थानात (अध्याय ९) वैद्य, औषधद्रव्य, उपस्थाता (रुग्णाची शुश्रूषा करणारा) व रोगी हे चिकित्सेचे चार पाद (आधार) सांगितले आहेत. या ग्रंथाचा काळ अनिश्चित असून त्याचे संस्करण सामान्यतः इसवी सनाच्या प्रारंभीच्या शतकांत झाले असावे, असे मानले जाते. उपस्थात्याला आजच्या शुभंकराचा पूर्वज मानण्याचा मोह होतो; परंतु त्याच्या गुणांत ‘अनुरागश्च भर्तरि’, म्हणजे पोशिंद्यावरील निष्ठा, मोजली असल्याने तेथे पदरचा सेवक अभिप्रेत असावा, हे मत अधिक ग्राह्य वाटते. ‘काळजीवाहक’ हा शब्द सरळ भाषांतर आहे. ‘शुभंकर’ आणि रुग्णासाठी ‘शुभार्थी’ ही जोडी महाराष्ट्रात मानसिक आरोग्याच्या स्वमदत गटांतून रुळली व पुण्यात कंपवाताच्या रुग्णांच्या गटानेही ती स्वीकारली. कर्करोगाच्या क्षेत्रात ती अद्याप तुरळक आहे. रुग्णालयात या व्यक्तीला ‘नातेवाईक’ एवढेच म्हटले जाते. हा केवळ शब्दाचा प्रश्न नव्हे, कारण नातेवाईक या नात्याने तिच्याकडून सही, पैसे आणि रक्तदाते मागितले जातात. तिची झोप, कंबरदुखी किंवा बुडालेली रोजी यांची विचारपूस क्वचितच होते.

उपशामक शुश्रूषेने, म्हणजे रुग्णाच्या वेदना व त्रास कमी करण्यावर भर देणाऱ्या सेवेने, मात्र कुटुंबालाही सेवेचा लाभार्थी मानले आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या २००२ च्या व्याख्येत तसा स्पष्ट उल्लेख आहे. लंडनमध्ये १९६७ मध्ये आधुनिक हॉस्पिस (आयुष्याच्या अखेरच्या टप्प्यातील रुग्णांचे शुश्रूषा केंद्र) सुरू झाले आणि मुंबईत १९८६ मध्ये शांती आवेदना सदन हे तशाच प्रकारचे केंद्र उभे राहिले. पुण्यात वारजे येथील सिप्ला उपशामक शुश्रूषा व प्रशिक्षण केंद्र १९९७ पासून निःशुल्क सेवा देते. तेथे रुग्णासोबत नातेवाइकाला राहता येते. जखमेची मलमपट्टी, नळीवाटे अन्न देणे, कूस बदलणे, मॉर्फिन या वेदनाशामकाच्या मात्रांच्या वेळा पाळणे ही कामे त्याला शिकवली जातात, जेणेकरून रुग्णाला पुन्हा घरी नेता यावे. असे केंद्र म्हणजे शेवटचा मुक्काम, हा समज कुटुंबांत खोल रुजलेला आहे. त्यामुळे ‘आम्ही हात टेकले असे लोक म्हणतील’ या धास्तीने पुष्कळ जण फार उशिरा तेथे पोहोचतात, ही खेदाची गोष्ट आहे.

वस्तुरूप मदत घेताना हा संकोच आढळत नाही. जनकल्याण समितीसारख्या संस्थांच्या रुग्णोपयोगी साहित्य केंद्रांतून खाट, एअर बेड, कमोड खुर्ची, चाकाची खुर्ची इत्यादी वस्तू अल्प शुल्कात मिळतात. ऐपत असलेली घरे ‘ब्यूरो’मधून दिवस-रात्रपाळीचे मदतनीस ठेवतात. खर्चासाठी महात्मा फुले जनआरोग्य योजना आहे, तसेच धर्मादाय रुग्णालयांत निर्धन व दुर्बल घटकांसाठी प्रत्येकी १० टक्के खाटा राखीव असतात. तेथे आरोग्यमित्र (योजनेचा रुग्णालयातील मार्गदर्शक) व वैद्यकीय समाजसेवक यांना गाठणे हीच पहिली पायरी होय. उपचारासाठीच्या रेल्वेप्रवासात रुग्णाबरोबर एका सोबत्यालाही सवलत मिळते.

शुभंकराला काही तास किंवा दिवस सुटका देणारी सेवा आणि रुग्णाच्या मृत्यूनंतरचे समुपदेशन ही अंगे विशेष दुबळी आहेत. तो भार प्रामुख्याने शेजारी, माहेरची माणसे आणि सोसायटीतील ओळखीचे लोक उचलतात.