घरच्या बोअरला वाळू येते? फिल्टर घेण्याआधी हे वाचा

दुकानात येणारे बरेच जण आल्या आल्या विचारतात, "वाळूचा फिल्टर केवढ्याला?" आम्ही उलट विचारतो, "वाळू कधी येते?" त्यावरच सगळं ठरतं. कधी फिल्टरचा खर्च वाचतोही.

तापीच्या उत्तरेला, जळगाव जिल्ह्यातल्या चोपडा-यावल-रावेर पट्ट्यात, खाली काळा खडक लवकर लागत नाही. नद्यांनी आणून टाकलेल्या गाळाचे, वाळूचे, गोट्यांचेच थर असतात आणि पाणीही त्या वाळूतूनच येतं. म्हणून इथल्या बोअरला जाळीचा पाइप घालून भोवती ग्रॅव्हल (बारीक गोटे) भरतात. जाळीच्या फटी मोठ्या असल्या, पाइप गंजला किंवा ग्रॅव्हल कमी पडलं की वाळू आत शिरते. तापीच्या दक्षिणेला खडकातल्या बोअरचं दुखणं बहुधा वेगळं: केसिंग (बोअरच्या वरच्या भागात घातलेला पाइप) खडकात नीट बसलेलं नसतं आणि फटीतून मुरूम घसरतो. तिथे फिल्टर लावून काय उपयोग? आधी केसिंग बघावं लागतं.

बादलीची परीक्षा

पांढरी बादली घ्या. मोटर सुरू होताच एक बादली भरा, दहा मिनिटांनी दुसरी, तासाभराने तिसरी. तिन्ही थोडा वेळ तशाच ठेवा, मग वरचं पाणी हलकेच ओता आणि तळाचं चिमूटभर बोटांत चोळा. खरखरीत लागलं तर वाळू. साबणासारखं गुळगुळीत लागलं तर गाळ. पाणी भरताना स्वच्छ दिसत होतं आणि ठेवल्यावर तांबूस झालं, तर ते लोह आहे. त्याचा इलाज निराळा.

फक्त पहिल्या बादलीत वाळू असेल तर घाबरू नका. मोटर सुरू होतानाच्या झटक्याने ती उठते. तिन्ही बादल्यांत सारखीच आली तर जाळी तपासावी लागेल. उन्हाळ्यातच वाढत असेल तर पाणी खाली गेलंय आणि मोटर तळाजवळून किंवा जाळीसमोरून ओढतेय.

मग आधी मोटर एखादा पाइप वर घेता येते का ते बघू. पण मे महिन्यातली पाण्याची पातळी माहीत असल्याशिवाय नाही, नाहीतर मोटर कोरडी चालून जळेल. दुसरा उपाय म्हणजे डिलिव्हरीचा, म्हणजे पाणी बाहेर येणाऱ्या पाइपावरचा, व्हॉल्व्ह थोडा आवळणे. पाणी कमी ओढलं की जाळीतून येणाऱ्या पाण्याचा वेग घटतो आणि वाळू मागेच राहते. फार आवळू नका, मोटर तापते. तळाशी वाळू साचली असेल तर कंप्रेसरने बोअर धुऊन घ्यावा.

तरीही वाळू येत असेल तर

मग हायड्रोसायक्लोन, म्हणजे पाणी गोल फिरवून वाळू वेगळी करणारं भांडं. केळीच्या ठिबकमुळे हे नाव इथे सगळ्यांना पाठ आहे, पण घोटाळाही तिथेच होतो. एका ग्राहकाने शेतातला जुना सायक्लोन घरच्या छोट्या मोटरला जोडला. वाळू होती तशीच. सायक्लोनमध्ये पाणी जोरात फिरलं तरच वाळू कडेला जाऊन खालच्या डब्यात पडते. मोठ्या सायक्लोनमध्ये घरच्या मोटरचं पाणी नुसतं रेंगाळतं. म्हणून पाइपाची इंची सांगू नका, पाणी मोजून या. २०० लिटरचा ड्रम ३ मिनिटांत भरला तर तासाला ४,००० लिटर. त्या मापाचा सायक्लोन देऊ.

तो मोटर आणि टाकी यांच्या मध्येच बसतो. टाकीनंतर लावला तर पाण्याला जोर राहत नाही. पहिला आठवडा डबा रोज उघडून बघा. आणि हो, 'सँड फिल्टर' वाळू काढण्यासाठी नसतो. त्यात वाळू भरलेली असते आणि ती शेवाळ अडवते. बोअरची वाळू त्यात गेली की तोच तुंबतो.

सायक्लोनमधून साधारण ७५ मायक्रॉनपेक्षा (०.०७५ मिलिमीटर) बारीक कण निसटतात. त्यांना टाकीत बसू द्या. ०.१ मिलिमीटरचा वाळूचा कण ४ फूट खाली जायला दोन-तीन मिनिटं घेतो, ०.०१ मिलिमीटरचा गाळ तीन-चार तास. त्यामुळे टाकी रात्री भरा, सकाळी वापरा. नळाचा पाइप टाकीच्या तळापासून चार-सहा इंच वर ठेवा आणि तळाला वॉशआउट, म्हणजे साचलेला गाळ सोडून द्यायचं तोंड, काढा. हे काम गावातला प्लंबरही करेल, आम्हीच पाहिजे असं नाही.

वाळू गेली म्हणजे पाणी पिण्याजोगं झालं असं मात्र नाही. ती तपासणी प्रयोगशाळेतून वेगळी करून घ्या.

दुकानात येताना ड्रम भरायला लागलेली मिनिटं लिहून आणा आणि बादलीच्या तळाची चमचाभर वाळू वाळवून पुडीत घेऊन या. चाळणीवर टाकून कण केवढे आहेत ते बघू आणि काय घ्यायचं ते तुमच्यासमोरच ठरवू.