पाचवी ओळ: ‘निववणी’ या गाण्यामागची गोष्ट

आम्ही चौघं मिळून लिहीत असलेल्या कादंबरीत खांडेसंगम नावाचं गाव आहे. तिथे दर पावसाळ्याआधी ‘निववणी’ म्हटली जाते. गाव कल्पित, नद्या कल्पित, गाणंही कल्पित. पण सांगलीत पहिल्या भागाचं वाचन झालं, तेव्हा सगळ्यात जास्त प्रश्न या गाण्यावरच आले. पहिली ओळ पुजारी का म्हणत नाहीत? आणि पाचवी ओळ कुणीच का गात नाही? त्याची उत्तरं द्यायची तर दोन इतिहास सांगावे लागतात, एक गोष्टीतला आणि एक आपल्या भागातला.

गोष्टीतला आधी. खांडेसंगम हे तलवारी घडवणाऱ्यांचं गाव. तापल्या पात्याला पाणी द्यायचं म्हणून भट्ट्या अगदी संगमाला लागून. तीन पिढ्या चाललेलं युद्ध संपतं आणि तलवारीला गिऱ्हाईक उरत नाही. एका हिवाळ्यात सगळ्या भट्ट्या विझतात. शेवटचं, न विकलं गेलेलं पातं एक लोहारीण पुन्हा तापवते, पाण्यात घालते, आणि ते निवता निवता गुणगुणतं. त्या आवाजाच्या मागे ती लागते. पात्याची तार ओढते, तारेखाली भोपळा बसवते. त्यातून जे गाणं जन्मलं ती निववणी. पुढे मूल जन्मलं की निववणी, माणूस गेलं की निववणी. दोन घरांचं भांडण मिटवायचं तर दोन्ही घरच्यांनी एका बैठकीवर बसून ती म्हणायची.

‘शस्त्रं करणाऱ्यांनी वाद्यं करायची, हे जरा अति झालं,’ असं एका वाचकाने कळवलं. कादंबरीतला नेमका तेवढाच भाग आमच्या डोक्यातून आलेला नाही. तो सांगलीपासून दहा-अकरा किलोमीटरवर, मिरजेत घडलेला आहे. तिथली सतारमेकर मंडळी मूळची शिकलगार, म्हणजे तलवारी-भाल्यांना धार लावणारी, शस्त्रं दुरुस्त करणारी. संस्थानांच्या लढाया थांबल्या, शस्त्रांचं काम आटलं, आणि एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला हे हात तंतुवाद्यांकडे वळले. फरीदसाहेबांचं नाव त्यात पहिलं घेतलं जातं. मिरजेच्या पटवर्धन संस्थानिकांचा आश्रय होता. बाळकृष्णबुवा इचलकरंजीकर मिरजेत होते, विष्णु दिगंबर पलुस्कर त्यांच्याकडे तिथेच शिकले. गाणारे जवळ होते म्हणून वाद्य करणारे टिकले आणि वाद्य हाताशी होतं म्हणून गाणारे येत राहिले, असं मला वाटतं. 2024 मध्ये मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळालं. पण मला आजही त्या मानांकनापेक्षा पहिल्या वळणाचंच नवल वाटतं. पोटावर पाय आला तेव्हा त्या माणसांनी काय निवडलं ते बघा.

पाचव्या ओळीचं बीज याच सतारमेकरांच्या गल्लीत सापडलं. जुना तंबोरा बोलेनासा झाला होता, म्हणून जवारी करून घ्यायला, म्हणजे तारांखालची घोडी घासून आवाज पुन्हा मोकळा करून घ्यायला, एका सतारमेकर चाचांकडे गेलो होतो. पंढरपूर-मंगळवेढ्याकडचा कडू भोपळा, तुणीच्या लाकडाची दांडी, आणि तारा जिच्यावरून जातात ती रुंद घोडी. चाचांनी तारा सैल करून बाजूला घेतल्या आणि घोडीवर कानस फिरवायला सुरुवात केली. दोन हात कानस, मग बोटाने चाचपणं, मग पुन्हा दोन हात. बराच वेळ एक शब्द नाही. मग तारा चढवल्या, पंचम, जोडीचे दोन षड्ज, खर्ज म्हणजे सगळ्यात खालचा षड्ज, आणि प्रत्येक तारेखाली सुती दोरा सरकवला. केसभर पुढे, तार मुकी. केसभर मागे, तार नुसती करकरते. मध्ये एक जागा अशी येते की तार एकदम उघडते.

‘आता डोळे मिटा आणि खर्ज ऐका,’ ते म्हणाले. ‘गांधार येतोय काय बघा.’

आला. चार तारांत गांधाराची, म्हणजे ‘ग’ची, तार नाही, कुणी तो छेडलेला नाही, तरी तो खर्जातून वर येत होता. गायक त्याला स्वयंभू गांधार म्हणतात. खर्जाच्या तारेत तिच्या मूळ कंपनसंख्येच्या पाचपट कंपनसंख्येचा जो उपस्वर असतो, तोच हा. तार घोडीच्या किंचित गोलाईला घासत कंप पावते, त्यामुळे असे उपस्वर उजळतात. शास्त्र एवढंच आहे, पण त्या दुकानात माझ्या अंगावर काटा आला. म्हणून निववणीला चार गायच्या ओळी आहेत आणि पाचवी ऐकायची. चारही जण खऱ्या सुरात लागले तरच ती ऐकू येते. खांडेसंगमात भांडण मिटलं की नाही, हे पंच ठरवत नाहीत, पाचवी ओळ ठरवते.

पहिली ओळ आम्ही सुरुवातीला पुजाऱ्यांनाच दिली होती. आमच्यातल्या मिरजेच्या मैत्रिणीने तिथेच अडवलं. ‘आमच्या दर्ग्यात उरसाला पहिला मानाचा गलेफ कुणाचा असतो, माहीत आहे ना?’ गलेफ म्हणजे कबरीवर चढवायची चादर. ख्वाजा शमना मीरा दर्ग्याच्या उरसात तो मान चर्मकार समाजाचा. हा दर्गा गाणाऱ्यांनाही आपला वाटत आलाय. किराणा घराण्याचे गायक अब्दुल करीम खाँसाहेब 1937 साली गेले, त्यांची कबर याच दर्ग्याच्या आवारात आहे आणि उरसाला तिथे संगीतसभा भरते. तिचं म्हणणं मला लगेच पटलं. पहिली ओळ भाता ओढणाऱ्याकडे गेली. भट्टीतला सगळ्यात कमी मजुरीचा माणूस तोच, आणि त्याच्या श्वासाशिवाय विस्तव नाही.

गाण्याची मांडणी मात्र सांगलीची. विष्णुदास भाव्यांनी सांगलीचे संस्थानिक चिंतामणराव पटवर्धनांच्या सांगण्यावरून 1843 साली इथे ‘सीता स्वयंवर’ उभं केलं. त्यांच्या खेळात मंगलाचरणानंतर पदं सूत्रधार म्हणायचा आणि पात्रं त्यावर आपलं भाषण आयत्या वेळी करायची. निववणीतही शब्द ठरलेले फक्त भातेवाल्याचे. उरलेल्या तिघांनी त्या दिवशीचं दुःख किंवा आनंद आपापल्या शब्दांत गायचा.

छपाईच्या मुद्रितांत चौथ्या ओळीनंतर एक ओळ कोरी आहे. ती चूक समजून दोन वेळा गाळली गेली, दोन्ही वेळा आम्ही ती परत घातली. पुस्तकात ती तशीच कोरी राहील.